तूर्तातूर्त

दर जानेवारीत मला ओयारिफाला पाठवतात.
वकीलबाईंचा जुना कॅमेरा, एक टेप, एक वही,
अक्राहून ट्रोट्रोचं भाडं मोजून.
काम सोपं. वादातली मिळकत
होती तशीच आहे ना, एवढं बघून यायचं.

भाऊ म्हणतो, जमीन घराण्याची, तिच्या एकटीची कधीच नव्हती.
बहीण म्हणते, बापाने हाताने दाखवून दिली होती,
आणि लंडनला नऊ वर्षं
परक्या म्हाताऱ्यांची अंथरुणं बदलून
मी हे बांधत होते.
न्यायमूर्ती म्हणाले, तूर्तातूर्त
कुणीच काही करू नका.

तेव्हा सातवा थर लागत होता.
थापीवरचा माल थापीवरच सुकला.
त्याला झाली आठ वर्षं.

भिंतीवर लाल अक्षरं, माणसाच्या उंचीची:
काम बंद. कोर्टाचा हुकूम.

आत अयामगा राहतो.
बोल्गाहून आला होता, गवंड्याच्या हाताखाली.
सिमेंटच्या पोत्यांवर राखणीला ठेवला,
आणि पोत्यांचे दगड झाले तरी
त्याला कोणी जा म्हणालं नाही.
म्हणणार कोण?
भावाला मनाई, बहिणीला मनाई,
त्यांचे नोकर, मुखत्यार, वारस, सगळ्यांना मनाई.
हुकुमात ज्याचं नाव नाही
असा तो एकटाच.

जी बैठकीची खोली होणार होती, तिथे कसावा.
जिना चार पायऱ्या चढून थांबलेला.
चौथीवर बसून लारीबा मुलीची वेणी घालते.
मुलगी इथलीच, हुकुमापेक्षा दहा महिन्यांनी धाकटी.
तिला विचारलं, तुमच्या घराला छप्पर का नाही गं?
आहे की, म्हणाली, आणि मला हाताला धरून नेलं
कोपऱ्यातल्या दोन पत्र्यांखाली,
जिथे तिची चटई होती.

मापं घेतली. पूर्वेची भिंत, तेवढीच.
सळया, तेवढ्याच, गंजून.
कसाव्याचा रकाना वहीत नाही.
मुलीचाही.

निघताना सांगू नये ते सांगितलं:
मार्चात निकाल लागेल म्हणतात.
कोणाच्या बाजूने, हे त्याने विचारलंच नाही.
वाफ्यात नजर फिरवून म्हणाला,
मार्चच्या सुरुवातीला, की शेवटी?

हरमाटनची धूळ होती. सगळं एका रंगाचं,
रस्ता, बकऱ्या, माझे बूट.
फोटोसाठी चार पावलं मागे सरलो तेव्हा दिसलं,
आठ पावसाळ्यांनी धुतलेली अक्षरं
काल लिहिल्यासारखी लाल.
शेवटचं जरा वाकडं,
वाचता न येणाऱ्याने गिरवावं तसं.
बोट लावून पाहिलं. चिकटलं.

अयामगा दुसरीकडे बघत होता.
मीही मग दुसरीकडे बघितलं,
जिकडे बघण्यासारखं
काहीच नव्हतं.

ऑफिसात प्रतिज्ञापत्र टाइप केलं. परिच्छेद चौथा:
मिळकत जैसे थे.
सही घेताना वकीलबाईंनी विचारलं,
बोटाला काय लागलंय?
म्हटलं, शिक्क्याची शाई.