आठवी झोपडी

मोजणीवाला आला तेव्हा मी चटई उन्हात घालत होतो.
खाकी कोट, कानामागे पेन्सिल, पायांत बूट,
पण बोली आमचीच, कुळही नदीपलीकडचं, ओळखीचं.
काठीच्या टोकानं दारं मोजत गेला, सातपर्यंत.
दाराला चौदा शिलिंग.
आठव्याशी थबकला, वाकून पाहिलं :
आत विस्तव नाही, राखही नाही.
"म्हातारबा, इथं कोण राहतं?"

इथं कोण राहतं.

लढणाऱ्यांची नावं गातात लोक,
चटया वाहणाऱ्या पोरांची कोण गाणार?
बारा वर्षांचा मी, डोक्यावर थोरल्याची चटई,
गुंडाळीत त्याचं लाकडी उसं,
काखेत आंबट दुधाचा भोपळा, सारखा हिंदकळणारा,
आणि भाजल्या मक्याची पुरचुंडी,
जिच्यातले दाणे मी चोरून खात होतो
आणि त्याला ते माहीत होतं.
म्पिकेलेली पुढं चालायचा, मागं न बघता.
त्याची ढाल पांढरी, डाव्या अंगाला काळा डाग,
पळत्या कोंबडीसारखा.
ढाल राजाची, म्हणायचा, कोंबडी तेवढी माझी.

मग एका ओहोळाशी त्यानं मला थांबवलं.
"इथून पुढं चटई लागत नाही."
चंद्र मेलेला दिवस होता तो,
अशा दिवशी काही सुरू करू नये म्हणतात,
पण दिवस काय माणसाला विचारून उजाडतो?

लढाई मी पाहिली नाही. खोटं कशाला बोलू.
टेकडीआडून ऐकली :
आधी गुणगुण, मोहोळ उठल्यासारखी,
मग भाल्यांच्या दांड्या ढालींवर,
मग त्यांच्या बंदुका, ओलं लाकूड पेटावं तशा.
दुपारी ऊनच आजारी पडलं,
पिवळं पडलं,
आणि सगळे आवाज एकमेकांत शिरले.

जिंकलो. सगळे म्हणाले, आपण जिंकलो.
लाल कोट घालून माणसं परतू लागली.
मारलेल्याचं वस्त्र अंगावर वागवावं लागतं
शुद्ध होईस्तोवर, घरात पाऊल टाकता येत नाही.
कुणी हसत नव्हतं.
मी एकेक ढाल निरखली. कोंबडी कुठंच नव्हती.
एकजण म्हणाला, त्याच्यावरच घातली रे, झाकायला.
खणायला वेळ कुठं होता.

चटई परत आणली मी.
येताना रिकामा भोपळाही जड लागत होता.
होलिवे येईल घरात म्हणून आईनं बांधायला घेतलेली झोपडी
आईनं पुरी केली, कुणाशी न बोलता.
हिवाळ्यात ते तोफा घेऊन आले, वस्ती जाळून गेले.
आम्ही पुन्हा बांधली. तेवढीच. आठ.

"रिकामी म्हण, काका," पुतण्या कानाशी कुजबुजला.
कालच आला होता जोहान्सबर्गच्या खाणीतून, खोकत,
सात दारांचे पैसे कमरेला बांधून.
मोजणीवाल्यानंही नजर वळवली, भला पोरगा,
पेन्सिल वहीपासून उचलून धरली.
एका शब्दाचं काम होतं.
गोळीनं अर्धं केलं होतं,
उरलेलं माझ्या जिभेनं करायचं होतं.

"भाऊ राहतो माझा," मी म्हणालो.
"म्पिकेलेली. गुरांमागं गेलाय."
त्यानं लिहिलं. मला वाचता येत नाही.
पण ज्यांच्या शिपायांनी त्याला मारलं
त्यांच्याच वहीत तो आता जिवंत आहे,
दरसाल त्यांचं देणं लागतो.

पुतण्या रात्रीपर्यंत बोलला नाही.
त्याचं बरोबरच आहे. खोकला त्याचा, पैसे त्याचे.
मी जन्मात भाला उचलला नाही.
हा हट्ट की आणखी काही,
मला नाही सांगता येत.

ऊन कललं तशी चटई झटकली,
पायाकडून गुंडाळत आणली, त्यानं शिकवल्यासारखी,
उसं आत,
आणि वाकून (आमची दारं ठेंगणी,
राजालाही वाकूनच यावं लागतं)
जागच्या जागी ठेवली.