समाईक

स्वानेतीच्या वरच्या अंगाच्या गावात, फेब्रुवारीत,
शाळेच्या एकुलत्या एका गरम खोलीत
तीन म्हातारे कोट न काढता बसले होते:
मुर्झाकान, गेरासिमे, आणि कमी ऐकू येणारा बेसारियन.
त्सिउरीनं बटण दाबलं.
पडद्यावर चौकट आली:
एक फाईल सापडत नाही,
तिच्यावाचून रेकॉर्डिंग सुरू होणार नाही.

"कोण आलं नाही?" बेसारियननं विचारलं.
त्याला वाटलं, हजेरी चाललीय.

त्सिउरी भूगोल शिकवते. समजावण्याची सवय.
ही प्रोग्राम नव्हे, म्हणाली. हिला खिडकी नाही, चित्र नाही,
दोनदा टिचकी मारली तरी ही उघडत नाही.
ही आपली पडून असते आतल्या फडताळात.
कुणी हाक मारली की उठते,
आवाज घेते, घट्ट वळते, ठेवायला देते
आणि पुन्हा गप्प.
ज्याला लागेल त्याची. म्हणून कुणाचीच नाही.

"मग नेली कुणी?"

बाचोनं. तिचा भाचा, वय अकरा.
काल त्यानं एक गेम काढून टाकला,
तेव्हा कॉम्प्युटरनं विचारलं होतं, अगदी सभ्यपणे:
ही फाईल इतरांच्याही वापरात असू शकते, काढू?
बाचोनं "सगळ्याला हो" दाबलं.
अकराव्या वर्षी माणूस सगळ्याला हो म्हणतो.

गेरासिमे हसला नाही.
"कढईचं झालं तसं," एवढंच म्हणाला,
आणि तिघेही जरा वेळ शेगडीकडे बघत राहिले.

तांब्याची कढई होती गावाची, अख्खा बैल मावेल एवढी.
लग्नाला तीच, मयताला तीच.
एरवी बुरुजाच्या तळाशी पालथी,
तिच्यावर कोंबड्या.
दोन भाऊ वेगळे झाले, धाकटा रुस्तावीला निघाला.
ट्रक भरताना कुणीतरी विचारलं, हीपण?
तो दमला होता. म्हणाला, टाका.

कुताइसीहून फाईल यायला नऊ दिवस लागले.
फोनवरून येईना, टॉवर बर्फाखाली.
शेवटी मार्शरुत्काच्या ड्रायव्हरनं आणली,
सिगारेटच्या पाकिटात पेन ड्राइव्ह,
सोबत इन्सुलिन, यीस्ट, कुणाचा तरी चष्मा.
वजन म्हणाल तर एका फोटोहून कमी.
पण निघाली चौसष्टवाली, आणि मशीन बत्तीसचं.
चौसष्ट कला असून काय करता,
बत्तिशीत बसेना.
परत पाठवली. परत नऊ दिवस.
दरम्यान बेसारियनला पडसं झालं, आवाज आणखी खाली गेला.
गेरासिमे म्हणाला, बरंच झालं.

मार्चमध्ये बसली. जिथून गेली होती तिथेच.
अंगावर वीस वर्षांपूर्वीची तारीख,
कुठल्याशा शहरात कुणीतरी रात्री जागून लिहिली असणार,
नाव कुठेच नाही.

मग ते गायले.
मयताचं गाणं, ज्याला शब्द नाहीत,
नुसते ओ, आणि वोय, आणि मधला श्वास.
खालचा आवाज, बानी म्हणतात त्याला, तो बेसारियनचा.
एकटा ऐकला तर गाणं वाटतच नाही,
शेजारच्या खोलीत कुणी जड पेटी सरकवतंय असं वाटतं.
पण तो मध्येच खोकला, थांबला,
तेव्हा वरचे दोघे एकमेकांकडे असे पाहू लागले
जणू पायरी हुकली.

सात मिनिटं चाळीस सेकंद.
त्यात शेगडीतल्या लाकडाचा एक तडाका,
आणि अगदी शेवटी बेसारियनचं,
"सुरू झालं का?"
त्सिउरीनं ते कापलं नाही.

संध्याकाळी बाचोनं गेम पुन्हा टाकला.
आता तीच फाईल त्याला बंदुकीचे आवाज काढून देते,
काही न विचारता.
लॅपटॉपच्या झाकणावर चिकटपट्टी आहे,
भूगोलाच्या बाईंच्या टपोऱ्या अक्षरात:
विचारलं तर नाही म्हण.

रुस्तावीला फोन अजून कुणी केलेला नाही.