नावाड्याचं प्रकरण

कारखान्यात माझं काम एकच: वाचणं.
पिनार देल रिओ, लाकडी चौथरा, खरखरणारा माइक.
सकाळी वर्तमानपत्र, दुपारी कादंबरी.
खाली दीडशे माणसं सिगार वळतात,
मान वर करत नाहीत, शब्द सांडू देत नाहीत.
आवडलं तर चाव्हेता, ती पान कापायची अर्धगोल सुरी,
फळीवर आपटतात.
नावडलं तर जमिनीवर टाकतात.
इथली समीक्षा एवढीच.

सातव्या रांगेत बासिलिओ आणि कासिमिरो,
एकच बाक, हातभर अंतर,
अकरा वर्षांचा अबोला.
कासिमिरोच्या धाकट्या भावाने बासिलिओकडून
ट्रॅक्टरची ट्यूब विकत घेतली होती,
रात्री समुद्रात उतरायला.
ट्यूब तेवढी किनाऱ्याला लागली.
तिच्यावर एक ठिगळ होतं, सुटलेलं.
बासिलिओला ते माहीत होतं का,
हे गावात कुणी विचारलं नाही.
उत्तर सगळ्यांना आधीच माहीत होतं.

त्या फेब्रुवारीत मतं पडली एका जाडजूड कादंबरीला,
नदीकाठची गोष्ट, कव्हर गेलेलं,
लिहिणाऱ्याचं नाव वाळवीने खाल्लेलं.
पुढचं मी वाचलं नव्हतं. खरंच नव्हतं.

चौदाव्या प्रकरणात पूर आला.
नावाड्याने आठ जणांकडून नाणी घेतली
आणि भोकात चिंधी कोंबलेली नाव
पाण्यात लोटली.
चाव्हेता पडल्या, गारांसारख्या.
“हात झडोत मेल्याचे!” मागून म्हातारी एउफेमिया.
कासिमिरो गप्प.
बासिलिओ वळत राहिला; त्या दुपारचा त्याचा सिगार
इतका घट्ट, की ओढणाऱ्याला
धूर मिळाला नसता.

पंधरावं प्रकरण नावाडी स्वतः सांगतो.
मी पहिलं वाक्य वाचलं:
भोक मला माहीत होतं.

“सोडा ते! पुढचं घ्या!
त्याचं कसलं ऐकायचं?”
हात वर झाले. मी मोजत होते, शंभराच्या पुढे गेले होते,
तेवढ्यात कासिमिरो,
पानाची शीर काढता काढता:
“वाचा, बाई.”

चाळीस मिनिटं वाचलं.
त्याच चिंधीवर दोनशे खेपा झाल्या होत्या.
मुलीला ताप होता.
एकीने गाठोड्यात शिवणयंत्र लपवलं होतं, लोखंडी,
आणि त्याला ते उचलताना कळलं होतं,
आणि तो काही बोलला नव्हता,
कारण नाणं आधीच खिशात होतं.
तो चांगला माणूस नव्हता. शेवटपर्यंत झाला नाही.
फक्त लांब होता तो जवळ आला,
आणि जवळच्या माणसाचा वास येतो.

मी पुस्तक मिटलं.
एकही चाव्हेता वाजली नाही.
पडलीही नाही.

बासिलिओची डिंकाची वाटी रिकामी होती.
अकरा वर्षं तो ती भरायला
रांगेच्या टोकापर्यंत चालत जातो.
कासिमिरोने आपली वाटी बोटभर सरकवली.
की कोपर लागलं?
मी चौथऱ्यावर होते;
वरून सगळं स्वच्छ दिसतं असं खालच्यांना वाटतं.
बासिलिओने बोट बुडवलं नाही.
पण उठलाही नाही.
घंटा होईपर्यंत तसाच, हातात अर्धा सिगार.

लोक म्हणतात, वाचणारा माणूस मऊ होतो.
एकोणीस वर्षं वाचतेय मी.
खुनी, सावकार, सासवा, फितूर,
सगळ्यांना माझ्याच गळ्यातून आवाज दिला,
आणि कितीदा त्यांच्यासाठी माझाच घसा दाटला.

घरी ड्रॉवरमध्ये माझ्या बहिणीचं पत्र आहे,
होल्गीनचा शिक्का, तीन वर्षं, न फोडलेलं.
तिचं पंधरावं प्रकरण असणार त्यात.
कधी रात्री मी ते काढते,
तळहातावर वजन पाहते,
परत ठेवते,
आणि उद्याची पानं
मोठ्याने वाचून बघायला बसते.