कूलर बंद करून

मे महिन्यात भुसावळात
लॉसलेस ऐकायचं तर आधी कूलर बंद करावा लागतो.
पंख्याचं पातं थांबतं,
वाळ्याची जाळी थोडा वेळ ठिबकते,
मग तीही गप्प.
वैजयंता दारातून म्हणते,
गाणं आयकताय की सोताचं भरीत करताय?

तारेचा हेडफोन, हप्त्यांवर घेतलेला डॅक,
आणि त्या बँडचे सगळे हिट एका फोल्डरात.
एकेक गाणं चाळीस एमबी,
काहीही न गाळता, म्हणे.

दोन हजार दोनमध्ये सावद्याच्या चुडामण बोंडेनं
एका सीडीत एकशे चाळीस गाणी कोंबली होती,
वर मार्करनं लिहिलं होतं : भजने.
त्यात झांजा नव्हत्याच.
झांजेच्या जागी कढईत मिरच्या पडल्यासारखं काहीतरी.
आम्हाला वाटायचं, तिकडे झांज अशीच वाजते.
चुडामणच्या घरी केळीचे ट्रक.
गच्चीवर तो डोकं हलवायचा
आणि खाली त्याचे वडील विचारायचे,
याले काय झालं भो?

आता ऐकू येतंय
की किंचाळण्याआधी गाणारा श्वास घेतो.
छोटासा. घाबरलेला.
चुडामणही असाच घ्यायचा,
'मी ट्रकवर बसणार नाही' म्हणायच्या आधी.
सध्या त्याचे अकरा ट्रक आहेत.

आमचं गाणं मात्र या यादीत नाही.
ते नववं, सीडी जिथे अडकायची,
आणि आम्ही दोघं तो अडकलेला शब्दच
म्हणत राहायचो पुढे ढकलेपर्यंत.
ग्रेटेस्ट कोणी ठरवलं कोण जाणे.
सावद्यात कोणी विचारायला आलं नव्हतं.

दीपनगरला टर्बाइनशेजारी माझी एकोणीस वर्षं झाली.
दरवर्षी मेडिकलला एका बंद खोलीत बसवतात,
शिट्टी ऐकू आली की बटण दाबायचं.
यंदा बराच वेळ नुसता बसून होतो.
एवढी शांतता कित्येक दिवसांत मिळाली नव्हती.
बाहेर आलो तर टेक्निशियन म्हणाला,
साहेब, दोन मिनिटं शिट्टी वाजू राहिली होती.

म्हणजे फाईल पूर्ण आहे.

हे घरी सांगितलेलं नाही.
हिमानीनं मात्र आज हेडफोन डोक्यावर चढवला,
चेहरा आंबट केला, आणि मग म्हणाली,
पप्पा, सुरू व्हायच्या आधी कोणीतरी
काड्या वाजवतंय. चारदा. लांब कुठेतरी.
मी लावून पाहिलं. थेट गिटारच.
पुन्हा लावलं.
माझा चेहरा पाहून ती काही बोलली नाही.
हेडफोन माझ्याच कानांवर ठेवला,
प्ले दाबलं,
आणि माझ्या गुडघ्यावर बोटानं
एक,
दोन,
तीन,

तेवढ्यात वैजयंतानं कूलर लावला.