बसचा पास

मे महिन्यातला गुरुवार.
नॉर्थम्बरलंडमधल्या एका चॅपेलचा हॉल,
दोरीला बांधलेली पेन्सिल, काळी पेटी,
सकाळपासून एकोणीस मतदार.

महापौर म्हणे अख्ख्या प्रदेशाचा,
सात कौन्सिलांचे तुकडे जोडून शिवलेल्या.
त्या प्रदेशाचं नाव
इथं घरात कुणी घेत नाही.

दुपारी विनिफ्रेड ऑर्ड आली,
दीड मैल चालत,
बुटांना मेंढवाटेचा चिखल.
ओळखपत्र मागितलं तर पर्समधून
बसचा पास काढला, म्हाताऱ्यांना मिळतो तो, फुकटचा.
फोटोत मात्र अजून हसतेय.
"हा चालतो ना?"
चालतो, मी म्हटलं, नियमात आहे.
"बरं झालं. बस बंद झाल्यापासून
कुठंच चालला नव्हता."

कागदावर पाच नावं.
चौसष्ट नंबर परत आणायचं पाचांनीही कबूल केलंय,
एकानं तर तिचा रंगसुद्धा सांगितलाय.
विनिफ्रेड आत बराच वेळ.
मग घडीवर घडी घातलेला कागद,
फटीतून जाईना,
अंगठ्यानं ढकलला.

जाताना ती स्टॉपच्या बाकावर टेकली.
खिडकीतून दिसत होतं:
सवयीनं रस्त्याच्या उजवीकडे बघणं,
मग उठून चालू लागणं.

रात्री दहाला पेटीला सील लावलं.
मोजणी चाळीस मैलांवर.
पेटीला न्यायला गाडी आली,
अगदी वेळेवर.