कक्ष क्रमांक एकशे सात

मार्डीच्या माळावर पहिली नेमणूक झाली
तेव्हा साहेबांनी विचारलं, काय दिसतंय?
म्हणालो, काही नाही सर. मोकळंच आहे.

नोंदवहीत आधीच्याने लिहून ठेवलं होतं :
गिरिपुष्प, रोपे अकरा हजार, जिवंत सहा हजार.
हिरवं दिसत होतं खरं. नकाशावरही.
फक्त त्या सावलीत पवन्या उगवत नव्हता
आणि काळविटांचा कळप वळसा घालून जायचा.

बिराप्पा कोळेकर मेंढरं थांबवून म्हणाला,
"झाडं लावली न्हाईत, माळ मुजवलाय तुमी."
राग आला. घरी गेल्यावरही आला.

आता मीच कुऱ्हाड धरतो, वनरक्षक असून.
बाहेरचं काढायचं, बोर अन् हिवर ठेवायचे,
एका पट्ट्यात मेंढरं, दुसरा पावसाळाभर बंद.
कलावती अन् जैनबी विळे घेऊन लवकरच येतात.
मी अडवतो : कुसळ पिकू दे, बी पडू दे.
"तुमचं बी पडस्तोर आमची म्हस काय खाईल?"
मग गेल्या सालच्या गंजीतल्या पेंढ्या
मोजून द्याव्या लागतात.
पुरत नाहीत. दरसाल पुरत नाहीत.

काल सोलापूरहून फोन आला :
वृक्षारोपण सप्ताह, खड्डे किती घेतले?
लिहिलं : निरंक.
पेन खिशात ठेवलं, पाऊल उचललं,
आणि तसंच हवेत धरलं.
दोन ढेकळांच्या मध्ये, अगदी उघड्यावर
धाविकाचं पिलू बसलं होतं.
हललं, तेव्हा कळलं.