डावखुरा

तोलेदोहून चित्रं आली, आवाज आलाच नाही.
तीन कार्डं, अकरा तास, सगळं मुकं.
घंटा हलते, कबुतरं उठतात,
गल्लीतून बाई येते टाचांच्या बुटांत
आणि दगडाला पत्ताच नाही.

मुनीरा म्हणाली, परत जायला पैसे नाहीत.
मी ध्वनीवाली. मिरजेची. मुहर्रकमध्ये सातवं वर्ष.
तोलेदो मी पाहिलंय ते एवढंच, एकवीस इंचांचं.

मग जमवू लागले.
अंगणातल्या कारंज्याला मशिदीबाहेरचा कूलर दिला,
तोटी अर्धी सोडून.
त्या बाईच्या टाचा माझ्याच,
दुपारी दोनला, मोत्यांच्या व्यापाऱ्याच्या बंद घरापुढे,
गल्लीत फक्त एसी ठिबकत असताना.
घंटेजोगं काही सापडेना.
ती तशीच ठेवली, मुकी.

उरला तो गवंडी.
जुन्या कमानीखाली थापीनं चुना मारतो, दाबतो, ओढतो.
चार मिनिटं. मुनीरा एक सेकंद कापू देत नाही.

समोरच्या घराला गिलावा चालला होता.
अय्यूब परकार, राजापूरचे,
समुद्रातल्या दगडाची घरं सावरता सावरता इथेच पिकले.
मी माइक धरला. त्यांनी चार फटके दिले
आणि विचारलं, "कुणाच्या भिंतीला लावणार हे?"

स्टुडिओत आणून दाखवलं.
पडद्याच्या इतके जवळ गेले
की त्या गवंड्याच्या खांद्यावर त्यांचा श्वास उमटला.
"त्याची वीट आहे. माझा दगड प्रवाळाचा, पोकळ, घुमतो.
वीट तोडून बोलते."
मग जरा थांबून, "आणि हा डावखुरा आहे."

अकरा तासांत मला दिसलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी दोन जुन्या विटा घेऊन आले,
पिशवीत, अंडी आणावीत तशा.
थापी डाव्या हातात.
पहिला फटका हुकला, दुसऱ्याचा चुना माझ्या चपलेवर.
"परत घे. त्याचं मनगट सैल आहे, माझं अजून नाही."

मुनीरानं दारातूनच विचारलं,
माहितीपटात हे चालतं का गं?
मला उत्तर येत नव्हतं. मी हेडफोन लावले.

अजान झाली, थांबलो. पुन्हा सुरू.
तेविसाव्या वेळी पडद्यावरचा हात आणि खोलीतला हात
एकदम उठले, एकदम टेकले,
आणि अय्यूबभाई, माइक चालू आहे हे विसरून,
त्या माणसाला म्हणाले,
"खालचो कोपरो रवलो रे."